कॅसेटमधलं भांडण कापू नका

मा. संपादक,
सप्रेम नमस्कार.

मध्यंतरी तुमच्या रविवारच्या पानावर जुन्या घरगुती फोटोंवर लेख आला होता, अल्बममधून ते कसे काढायचे, स्कॅन कसे करायचे वगैरे. चांगला होता, आमच्याकडे कात्रण काढून ठेवलंय. पण आवाजाबद्दल त्यात एक ओळसुद्धा नव्हती, आणि मला तर वाटतं आत्ता फोटोंपेक्षा आवाजाचीच काळजी जास्त करायला हवी. फोटो काय, पन्नास वर्षांनी डबा उघडला तरी दिसतो. कॅसेट वाजवायला मशीनच उरलं नाही तर आत कोण बोलतंय हे कोणाला कळणार? आणि दुसरी गोष्ट, जी मला जास्त खुपते, ती ही की जे लोक आता हौसेने घरच्या कॅसेटी मोबाईलवर, कॉम्प्युटरवर घेतायत ते घेता घेता त्यातलं राजकारण कापून टाकतायत. त्यासाठीच हे पत्र लिहितेय. लांबलंय, पण जमलं तर पूर्ण छापा.

आमच्या इंदूरात रामबाग, नारायण बाग, लोकमान्य नगर, कुठल्याही जुन्या मराठी घरात जा, कपाटाच्या वरच्या कप्प्यात एखादा बिस्किटांचा पत्र्याचा डबा सापडतो आणि त्यात कॅसेटी असतात. ऐंशीच्या दशकात घरोघरी रेडिओ आणि टेप एकत्र असलेला टू-इन-वन आला, त्यात आतच माइक असायचा, लाल बटण आणि प्ले एकदम दाबलं की झालं रेकॉर्डिंग सुरू. मग लोकांनी काय काय भरून ठेवलं! मंगलाष्टकं, बारशाचे पाळणे, आजीच्या ओव्या, नातवाचं पहिलं बोबडं बोलणं, रेडिओवरचं नाट्यसंगीत. पण त्याच्याच मागच्या बाजूला बऱ्याचदा जेवणानंतरच्या गप्पा असतात, बटण दाबलेलं तसंच राहिलेलं असतं किंवा कोणीतरी मुद्दाम दाबलेलं असतं, आणि त्या गप्पांमध्ये होळकरांचं राज्य असतं, मिल असते, युनियन असते, गोवा असतो, आणीबाणी असते. ही दुसरी बाजू म्हणजे आपल्या शहराचा राजकीय इतिहास आहे, आणि तो दुसरीकडे कुठेही लिहून ठेवलेला नाही.

आमच्याच घरचं सांगते. आजोबा आधी होळकर दरबारच्या नोकरीत, मग मध्य भारत सरकारात कारकून. माझे बाबा कपडा मिलमध्ये टाइमकीपर आणि लाल बावट्याच्या युनियनचे, कामगार नेते होमी दाजींची सभा म्हटली की पाळी सुटल्या सुटल्या तसेच निघणार. काका शाखेतले, पुढे जनसंघाचे. आत्याचे यजमान पक्के काँग्रेसवाले, खादीशिवाय दुसरं कापड अंगाला लावलं नाही. गणपतीत सगळे एकत्र जमायचे, आरती झाली, जेवणं झाली की ओट्यावर सतरंजी पडायची आणि मग जे सुरू व्हायचं ते रात्री दीड-दोनपर्यंत. माझ्या आतेभावाने १९८६ च्या सुमाराला हे सगळं टेप करायला सुरुवात केली, का केलं कोणास ठाऊक, पण केलं, आणि आज त्याच्या कॅसेटी माझ्याकडे आहेत.

माझा धाकटा भाऊ पुण्याला असतो. त्याच्या मुलाने यातल्या काही कॅसेटी कॉम्प्युटरवर घेतल्या, फार मेहनत केली पोराने. घरातल्या एका समारंभात काकांवर छोटी फिल्म दाखवायची असं ठरलं तेव्हा भावाचा फोन आला, ताई, गोव्याचा भाग ठेवू, बाकीची भांडणं काढून टाकू, आणि काका घाबरलो होतो म्हणतात तेवढंही काढू, नीट दिसत नाही ते. भावाच्या मनात वाईट काही नव्हतं, काकांचा मान राखायचा होता त्याला. पण मी नाही म्हटलं, आणि का नाही म्हटलं तेच इथे सांगायचंय.

गोव्याचा भाग असा आहे. १५ ऑगस्ट १९५५ ला देशभरातून हजारो सत्याग्रही नि:शस्त्र गोव्यात शिरले, पोर्तुगीजांनी गोळ्या चालवल्या, वीसहून जास्त माणसं गेली. त्यात आपल्या शेजारच्या उज्जैनचे राजाभाऊ महाकाळ होते. सागरकडच्या सहोदराबाई राय गोळ्या लागूनही वाचल्या, पुढे लोकसभेत निवडून आल्या. माळव्यातून, बुंदेलखंडातून इतकी माणसं तिकडे गेली होती हे आज गोव्यात कोणाला फारसं माहीत नाही आणि इंदूरातही नाही. आमचे काका तेव्हा एकोणीस-वीस वर्षांचे. छोट्या लाइनच्या गाडीने घाट उतरून खंडवा, तिथून मोठी गाडी, मग पुणं, पुण्याहून सावंतवाडी-बांद्याकडे. टेपवर काका सांगतात की पाऊस एवढा होता की चपला चिखलातच राहिल्या, एका घरी म्हातारीने नाचणीची भाकरी दिली ती त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा खाल्ली, आणि सरहद्दीवर गोळ्यांचा आवाज आला तेव्हा ते पालथे पडले आणि किती वेळ उठलेच नाहीत. झेंडा त्यांच्या हातात नव्हता, पुढच्या मुलाच्या हातात होता. "मी घाबरलो होतो रे, आई आठवली," असं स्पष्ट म्हणतात. मला विचाराल तर काकांच्या अख्ख्या आयुष्यातलं सगळ्यात मोलाचं वाक्य हेच आहे. कारण एवढं घाबरूनसुद्धा तो मुलगा गेला होता ना, आणि परत आल्यावर पुढच्या खेपेसाठी नाव द्यायला तयार होता. हे कापलं तर उरतो तो हार घातलेला फोटो.

आणि लगेच पुढे बाबांचा आवाज येतो, तुमचेच एकटे होते का तिथे, आमचे कम्युनिस्टही होते, समाजवादीही होते. मग आत्याचे यजमान नेहरूंची बाजू घेतात, की लष्कर घालणं तेव्हा सोपं नव्हतं, काका उसळतात की मग १९६१ च्या डिसेंबरात कसं जमलं, सहा वर्षं का घालवली. आता सांगा, यातलं काय कापायचं? गोवा मुक्तीचा सत्याग्रह सर्वपक्षीय होता हे पुस्तकात एका ओळीत येतं. पण तो सर्वपक्षीय असणं म्हणजे नक्की काय होतं, एकाच घरातले तीन पक्ष एकाच गोष्टीवर कशी मालकी सांगायचे आणि तरी एकाच ताटलीतल्या करंज्या खायचे, ते या टेपमध्ये ऐकू येतं.

त्याहून अवघड भाग आणीबाणीचा. काकांना मिसाखाली, म्हणजे खटल्याशिवाय तुरुंगात ठेवण्याच्या कायद्याखाली, उचललं, १९७७ मध्ये सुटले. आणि बाबांचा पक्ष, भारतीय कम्युनिस्ट पक्ष, तेव्हा आणीबाणीच्या बाजूने होता. म्हणजे एक भाऊ जेलमध्ये आणि दुसऱ्या भावाचा पक्ष ज्यांनी जेलमध्ये टाकलं त्यांना पाठिंबा देतोय, आणि दोघांच्या बायका एकाच चुलीवर स्वयंपाक करतायत. आमच्या घरात यावर कधी कोणी उघड बोललं नाही, आम्हा मुलांना तर विषयच काढायची परवानगी नव्हती. पण त्या एका टेपमध्ये काका बाबांना सरळ विचारतात, दादा तेव्हा तुला काय वाटत होतं ते एकदा सांग. बराच वेळ कोणीच बोलत नाही, पंखा ऐकू येतो. मग बाबा म्हणतात की पक्षाने भटिंड्याच्या अधिवेशनात १९७८ ला चूक कबूल केली, मी मनात आधीच केली होती पण तोंडाने बोललो नाही, आणि तुझा डबा पोचतो की नाही ते मी रोज विचारत होतो. एवढंच. काका काही उत्तर देत नाहीत, आत्या मध्येच विचारते चहा टाकू का.

भाऊ म्हणतो हे घरातलं आहे, बाहेर कशाला. मला त्याचं म्हणणं कळतं. पण इंदूरात अशी घरं आमची एकट्याची नव्हती. मिल आणि शाखा दोन्ही जोरात असलेलं हे शहर. अनंत चतुर्दशीच्या झांक्या, म्हणजे दिव्यांचे चित्ररथ, मिलचे कामगारच काढायचे, रात्रभर रस्त्यावर सगळं गाव, लाल बावट्याचा माणूस गणपतीच्या झांकीचे दिवे जोडायचा आणि त्याला त्यात काही वावगं वाटायचं नाही. १९६२ ला इंदूरने होमी दाजींना अपक्ष म्हणून लोकसभेत पाठवलं, १९७७ ला समाजवादी कल्याण जैन जनता पक्षाकडून गेले, १९८९ पासून २०१९ पर्यंत आठ वेळा सुमित्राताई महाजन, आपल्या चिपळूणहून सून म्हणून आलेल्या. तीच आळी, तीच घरं, तीच माणसं कधी इकडे कधी तिकडे मत देत होती. का देत होती? निवडणूक आयोगाच्या आकड्यात ते नाही सापडत. ते ओट्यावरच्या भांडणात सापडतं.

बायकांच्या आवाजाबद्दल वेगळं लिहायलाच हवं. आपल्याकडे रेकॉर्डिंग करायचं म्हटलं की माइक पुरुषापुढे जातो, काका बोला, आजोबा बोला, आणि आजी चहा आणते. काकूला मी स्वतः मोबाईलवर रेकॉर्ड केलं, तेव्हा ती सत्तरीच्या पुढे होती. पहिलं वाक्य नेहमीचंच, मला काय कळतंय राजकारणातलं. आणि मग बोलायला लागली ती थांबेचना. जेलमध्ये भेटीला जायची तेव्हा पहारेकऱ्याला मराठी कळायची नाही म्हणून तो म्हणायचा हिंदीत बोला, आणि काकूचं हिंदी तेव्हा अगदीच तुटकं, नवीन लग्न होऊन विदर्भातल्या खेड्यातून आलेली, भाजीवाल्यापुरतं हिंदी. मग नवरा समोर बसलाय आणि बोलायला भाषाच नाही, अर्धी भेट नुसती बघण्यात जायची. घरी येताना ती वाटेत वाक्यं पाठ करायची, पुढच्या वेळी हे असं बोलायचं, मुन्ना को बुखार था अब ठीक है. शेजारणींनी बोलणं बंद केलं होतं ते तिने नावानिशी सांगितलं, आणि एका शेजारणीने रात्री मागच्या दाराने दूध आणून दिलं तेही नावानिशी. आज मध्य प्रदेशात आणीबाणीत जेलमध्ये गेलेल्यांना लोकतंत्र सेनानी म्हणून सन्मान निधी मिळतो, त्यांच्या याद्या आहेत, फाइली आहेत. काकूची फाइल कुठेच नाही. तिचा आवाज तेवढा आहे.

आजोबांचा एकच तुकडा आहे, तोही त्यांच्या शेवटच्या वर्षातला, आवाज घोगरा. २८ मे १९४८ ला ग्वाल्हेर, इंदूर वगैरे संस्थानं मिळून मध्य भारत राज्य झालं, शिंदे राजप्रमुख आणि होळकर उपराजप्रमुख, आणि राजधानी कुठली यावर ग्वाल्हेर आणि इंदूर दोघंही हटून बसले, तेव्हा हिवाळ्यात ग्वाल्हेर आणि उन्हाळ्यात इंदूर असा तोडगा निघाला. पुस्तकात हे वाक्य संपतं. आजोबांच्या टेपमध्ये हे वाक्य सुरू होतं, कारण सरकार हलायचं म्हणजे कारकून हलायचे, फाइलींचे गठ्ठे बांधायचे, पोरांच्या शाळेचं काय, लोणच्याच्या बरण्या न्यायच्या की ठेवायच्या, ग्वाल्हेरच्या थंडीत रजया किती, आणि तिथल्या लष्कर नावाच्या वस्तीत भाड्याची खोली देणारा मराठी घरमालक इंदूरवाल्यांना कसा टोमणे मारायचा. १ नोव्हेंबर १९५६ ला मध्य प्रदेश झालं, राजधानी भोपाळला गेली, आणि इंदूरच्या कारकुनांच्या घरात त्या दिवशी काय वातावरण होतं ते आजोबा जे सांगतात ते मला कुठल्याही पुस्तकात मिळालेलं नाही. ते विलीनीकरणाची तारीख चुकीची सांगतात, गणपतीच्या दिवसांत झालं म्हणतात. भाचा म्हणाला चुकीचं आहे, कापू या. मी म्हटलं नको, बाजूला कागदावर लिहून ठेव की खरी तारीख अमुक. आठवण तारखेत चुकते, त्यांनी बरण्या हलवल्या त्यात चुकत नाही.

फाळणीच्या आठवणी गोळा करायला १९४७ पार्टिशन आर्काइव्हसारखं मोठं काम झालं, हजारो मुलाखती आहेत. दिल्लीला तीन मूर्तीच्या संग्रहालयात स्वातंत्र्यलढ्यातल्या माणसांच्या मुलाखतींचा खजिना आहे. केंब्रिजच्या दक्षिण आशिया केंद्राकडे तर सत्तरच्या दशकात रेकॉर्ड केलेले आपल्या सत्याग्रहींचे आवाज आहेत. चांगलंच आहे. पण संस्थानांच्या विलीनीकरणाचं, राजधान्या बदलल्याचं, राज्य पुनर्रचनेत मराठी माणूस महाराष्ट्राबाहेर राहिला त्याचं काय? ते कोण रेकॉर्ड करणार? मुंबई-पुण्याच्या संस्था संयुक्त महाराष्ट्र करतील, तो त्यांचा विषय. बृहन्महाराष्ट्राचा विषय आपणच केला पाहिजे.

आवाजाची ताकद काय असते त्याचं उदाहरण आपल्या जवळचंच आहे. बाबासाहेब आंबेडकर जन्मले महूला, इंदूरच्या वेशीवर. त्यांनी लिहिलेलं हजारो पानं आहे. पण १९५५ ची बीबीसीची मुलाखत लावा, गांधींबद्दल ते ज्या ठामपणे बोलतात, मध्येच जसे थांबतात, ते पानावर कळत नाही. कोणी तेव्हा म्हटलं असतं की एवढं कडक बोललेलं काढून टाकू, तर आज आपल्याकडे काय राहिलं असतं?

आपल्या इंदूरचा होळकरांचा राजवाडा १९८४ च्या दंगलीत जळाला होता, जळालेला भाग पुन्हा उभा केला, जुन्या नकाशांवरून, फोटोंवरून, कारागीर आणून. लाकूड-दगड परत आणता येतो. हुकुमचंद मिल १२ डिसेंबर १९९१ ला बंद झाली आणि कामगारांची देणी, २२४ कोटी, मंजूर होऊन हातात यायला २०२३ चा डिसेंबर उजाडला, बत्तीस वर्षं. या बत्तीस वर्षांत किती कामगार गेले. कोर्टाच्या कागदात रक्कम आहे, व्याज आहे, कामगार क्रमांक आहे. त्या बत्तीस वर्षांत त्या घरांनी काय केलं, कोणी पोह्याची गाडी लावली, कोणाच्या मुलीने शाळा सोडून शिवणकाम घेतलं, दर रविवारी मिलच्या गेटपाशी जमून म्हातारे काय बोलायचे, हे सांगणारे अजून आहेत. अजून आहेत म्हणून सांगतेय. मालवा मिल, राजकुमार मिल, कल्याण मिल, स्वदेशी मिल, सगळ्यांचं तेच.

आमच्या एका टेपमध्ये बोलणं चालू असताना मागे मिलचा भोंगा वाजतो, आणि बाबा बोलता बोलता थांबून म्हणतात, तिसरी पाळी. भाच्याने एका ॲपमधून आवाज स्वच्छ केला तेव्हा पंखा गेला, कुत्रं गेलं, भोंगाही गेला, आणि बाबा कशासाठी थांबले तेच कळेना. म्हणून सांगते, स्वच्छ कॉपी ऐकायला जरूर करा, पण मूळ जशी आहे तशी वेगळी ठेवा, तिला हात लावू नका.

कापू नका म्हणजे सगळ्या जगाला ऐकवा असं मी म्हणत नाहीये, इथे लोकांचा गोंधळ होतो. घरात खरोखर नाजूक गोष्टी असतात, हयात माणसांची नावं असतात, कोणाची जमीन, कोणाचं लग्न, कोणी कोणाची चहाडी केली. अशा वेळी जगभर जिथे जिथे मौखिक इतिहासाचं काम चालतं तिथे पद्धत आहे की मुलाखत पूर्ण ठेवायची आणि तो भाग काही वर्षं बंद ठेवायचा, बोलणारा सांगेल तितकी वर्षं. तसं करा. पाकिटावर लिहा, हे २०५० नंतर ऐका. आणि नवीन रेकॉर्डिंग करताना समोरच्याला आधी स्पष्ट सांगा की रेकॉर्ड होतंय आणि कुठे ठेवणार आहे, त्याची हो म्हणण्याची ओळही त्यातच घ्या. चोरून रेकॉर्ड केलेलं मला मान्य नाही, मग ते कितीही ऐतिहासिक असो.

आता थोडं कामाचं, कारण बरेच जण विचारतात. युनेस्को आणि आवाज-चित्र संग्रहांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेने २०१९ लाच इशारा दिला होता की टेप वाजवणारी यंत्रं आणि ती दुरुस्त करणारी माणसं २०२५ च्या आसपास मिळेनाशी होतील. ते वर्ष आलं तेव्हाही आपल्या कॅसेटी डब्यातच होत्या. पहिलं काम, कॅसेटच्या वरच्या कडेला दोन छोट्या प्लास्टिकच्या टिकल्या असतात त्या तोडा, म्हणजे चुकून बटण दाबलं तरी त्यावर दुसरं रेकॉर्ड होणार नाही. माळव्याच्या पावसाळ्यात बुरशी धरते, पांढरे ठिपके दिसले तर वाजवू नका, तीच बुरशी मशीनच्या हेडला लागून दुसऱ्या कॅसेटीत जाते. उभ्या ठेवा, स्पीकरपासून लांब. बरेचदा कॅसेट वाजत नाही याचं कारण फक्त आतल्या फेल्टची छोटी गादी निखळलेली असते, टेप शाबूत असते, हे कळणाऱ्याकडून बदलून घेता येतं, तेव्हा वाजत नाही म्हणून फेकू नका. टीव्हीपाशी ठेवलेल्या स्पीकरमधून वाजवून समोर मोबाईल धरून रेकॉर्ड करतात लोक, काहीच नसण्यापेक्षा ते बरं, पण हेडफोनच्या भोकातून वायर घालून कॉम्प्युटरला जोडलं तर फरक जमीन-अस्मानाचा. फाइल वेव्ह फॉरमॅटमध्ये करा, ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, तासाला साधारण एक जीबी जागा लागते, आता जागा स्वस्त आहे. एमपीथ्री नंतर त्याच्यावरून बनवा. एक तासाच्या कॅसेटीला एक तास लागतोच, तिथे घाई चालत नाही.

व्हॉट्सॲपवर पाठवलेली कॉपी म्हणजे जपून ठेवलेली कॉपी नव्हे, तिचा दर्जा कमी होऊ शकतो, आणि फोन बदलला की ती जाऊ शकते. तीन ठिकाणी ठेवा, त्यातली एक दुसऱ्या गावच्या नातेवाइकाकडे. आणि फाइलीला नाव द्या हो! कोण बोलतंय, कुठे, अंदाजे कधी, कोणी रेकॉर्ड केलं. नुसतं रेकॉर्डिंग ००१७ असं नाव असेल तर वीस वर्षांनी तो आवाज कोणाचा हे ओळखणारं माणूसच नसेल. आता तर कोणाच्याही आवाजात काहीही बोलवून घेता येतं, पुढाऱ्यांच्या खोट्या क्लिपा आपण रोज बघतोय. उद्या कोणी म्हणालं की तुमचे काका गोव्याला गेलेच नव्हते, ही क्लिप बनवलेली आहे, तर दाखवायला मूळ कॅसेट पाहिजे, तिच्यावरचं आतेभावाचं अक्षर पाहिजे. म्हणून डिजिटल झालं तरी कॅसेट फेकू नका.

आणि ज्यांच्याकडे कॅसेट नाहीच त्यांनी आजपासून सुरू करा. खिशात मोबाईल आहे. एकच सांगते, तुमच्या आयुष्यातली महत्त्वाची घटना सांगा असं विचारू नका, माणूस भाषण करायला लागतो. तुम्हाला आवडणारी पिक्चरची गाणी कुठली, पहिलं मत कोणाला दिलं, घरात त्यावरून कोणाशी वाजलं, मिल बंद झाली त्या दिवशी दुपारी काय केलंत, असं विचारा. शक्यतो दोन म्हाताऱ्यांना एकत्र बसवा, ते एकमेकांना खोडून काढतात आणि त्यातूनच खरं बाहेर येतं. आणि आजीला आधी विचारा, चहा दुसरं कोणीतरी करेल.

संस्थांकडे माझी मागणी आहे. आपल्या इंदूरात महाराष्ट्र साहित्य सभेसारखी शंभरी गाठलेली संस्था आहे, वाचनालयं आहेत, देवी अहिल्या विश्वविद्यालय आहे. पुस्तकं आपण सांभाळली, तसं एक कपाट आवाजासाठी का असू नये? एक चांगला कॅसेट डेक, एक कॉम्प्युटर, दोन हार्ड डिस्क आणि आठवड्यातून दोन दुपारी बसणारी दोन-तीन माणसं, सुरुवातीला एवढं पुरे. लोक कॅसेट घेऊन येतील, समोर बसून घेतली जाईल, मूळ लगेच परत, एक कॉपी घरी, एक संस्थेत, बंद ठेवायचा भाग बंद. विश्वविद्यालयाच्या इतिहास आणि पत्रकारितेच्या मुलांना हे काम म्हणून द्या, त्यांनाही शिकायला मिळेल. आणि कुठल्याही एका पक्षाच्या माणसांच्या हातात ते कपाट देऊ नका. सगळ्या पक्षांचे आवाज त्यात हवेत, मिलमालकाकडच्या मुनिमाचाही हवा.

तुमच्या पेपरालाही विनंती. दर आठवड्याला चौकटीत एखाद्या घरचा अर्धा कॉलम छापा, बोलल्यासारखाच, भाषा न सुधारता. ग्वाल्हेर, बडोदा, देवास, धार, उज्जैन, जबलपूर, सगळीकडच्या वाचकांना कळवा. मी आमच्या काकूच्या रेकॉर्डिंगपासून सुरुवात करायला तयार आहे, तिची परवानगी तिच्याच आवाजात आहे. भावाशीही बोलणं झालंय, समारंभात छोटी फिल्म दाखवली, पण काकांचं घाबरणं त्यात ठेवलं, आणि बाबा-काकांचा तो आणीबाणीवरचा भाग पूर्ण जपून, दोघांच्या नातवंडांनी एकत्र बसून ऐकायचा असं ठरलंय.

ज्यांच्याकडे चालू स्थितीतला कॅसेट डेक पडून असेल, किंवा जुना टेप दुरुस्त करणारा कारागीर माहीत असेल, त्यांनी कृपया संपादकांमार्फत कळवावं. आमच्याकडच्या बऱ्याच कॅसेटी अजून घ्यायच्या बाकी आहेत आणि पावसाळ्याच्या आत घ्यायच्या आहेत.

आपली नम्र,
एक वाचक
रामबाग, इंदूर